दीडशे मैल आणि मूठभर हत्यारं

पिट्सबर्ग म्हटलं की आपल्या मंडळींच्या डोळ्यांपुढे पहिलं उभं राहतं ते पेन हिल्सच्या टेकडीवरचं वेंकटेश्वराचं पांढरंशुभ्र देऊळ. सत्तरच्या दशकात ते उभं राहिलं, तेव्हापासून पूर्व किनाऱ्यावरच्या किती गाड्या आईवडिलांना मागे बसवून त्या चढावर गेल्या असतील, देवच जाणे. दर्शन, मग तळघरातला चिंचेचा भात, आणि परत हायवे. आम्हीही न्यू जर्सीहून असे तीनदा जाऊन आलो. २०२३ च्या जूनमध्ये मात्र आम्ही तिघं पिट्सबर्गला गेलो ते गाडीच्या पाठीवर तीन सायकली बांधून. दर्शन घेतलं, भातही खाल्ला, पण हायवेकडे न वळता थेट शहराच्या टोकावर गेलो, जिथे अलेगेनी आणि मोनोंगाहेला या दोन नद्या मिळून ओहायो नदी होते. तिथल्या पॉइंट स्टेट पार्कपासून मेरीलँडमधल्या कंबरलंड गावापर्यंत १५० मैलांची सायकलवाट आहे. नाव ग्रेट अलेगेनी पॅसेज. गाड्या नाहीत, ट्रक नाहीत, सिग्नल नाहीत. आम्ही तिघं म्हणजे आम्ही दोघं आणि सतरा वर्षांची कन्या, जी पुढच्या वर्षी कॉलेजला घर सोडून जाणार होती.

हे वर्णन वाचून कुणाला वाटेल, केवढा पराक्रम! तसं काही नाही. वाट जुन्या रेल्वेमार्गांवरून जाते, आणि आगगाडीला चढ सोसत नाही. वेस्टर्न मेरीलँड रेल्वेने हा मार्ग १९७५ साली सोडून दिला. १९८६ साली ओहायोपाइल गावाजवळ नऊ मैलांचा पहिला तुकडा सायकलींसाठी उघडला, आणि तुकड्याला तुकडा जोडत २०१३ साली वाट पिट्सबर्गच्या टोकापर्यंत पोचली. चढ शेकडा एक फुटाच्या आतबाहेर. पुण्याच्या माणसाला सांगायचं तर कात्रजचा घाट नव्हे, लक्ष्मी रोड. फक्त हा लक्ष्मी रोड सव्वाशे मैल हळूहळू चढत राहतो.

खरी अडचण चढाची नाही, एकांताची. मधल्या काही भागांत दहा-बारा मैल गाव नाही, रस्ता नाही, आणि नदीच्या घळीत फोनलाही रेंज नाही. सायकल बिघडली तर ज्याची त्याने दुरुस्त करायची. शिवाय आमच्या बाबतीत आणखी एक गोष्ट होती. सौ.च्या गुडघ्यावर आदल्या वर्षी शस्त्रक्रिया झाली होती. डॉक्टरांनी सायकल चालवायला आनंदाने परवानगी दिली होती, उलट चालवाच म्हणाले होते. पण लांब चालायला सक्त मनाई. म्हणजे बाईसाहेब चाळीस मैल सायकल चालवू शकत होत्या, चार मैल चालू शकत नव्हत्या. सायकल मोडली तर हातात धरून ढकलत नेण्याचा मार्ग बंद. म्हणून निघायच्या आधी दीड-दोन महिने आमच्या घरात प्रवासाच्या तयारीपेक्षा हत्यारांचीच चर्चा जास्त झाली.

आमच्या लहानपणी पुण्यात सायकल दुरुस्त करणं हे आपलं काम नव्हतंच. कोपऱ्यावर सायकलवाला असे. त्याच्याकडे पाण्याचं घमेलं, सोल्यूशनची ट्यूब, कानस, हातोडी आणि डंबेलच्या आकाराचा तो एक पान्हा, ज्याच्या दोन्ही गोळ्यांना वेगवेगळ्या मापाची भोकं असत. चाकाला आऊट आला की तो सायकल उलटी करून हँडल आणि सीटवर उभी करी, चाक फिरवी, रिमजवळ खडू धरी, आणि जिथे खडूची रेघ उमटेल तिथल्या तारा पिळी. दहा मिनिटांत चाक सरळ. शाळा किती शिकला होता कोण जाणे, पण बोटांत मायक्रोमीटर होता. आपण शेजारी उभं राहून बघायचं, पैसे द्यायचे आणि कॉलेजला जायचं, जिथे मेकॅनिकल इंजिनिअरिंगच्या वर्गात त्याच चाकाचे ताण कागदावर काढायचे. वर्कशॉपच्या तासाला फिटिंगचा जॉब असे. लोखंडाचा तुकडा कानसीने घासून काटकोनात आणायचा. वर्गातली निम्मी पोरं तो जॉब वर्कशॉपमधल्या माणसाला चहापाणी देऊन करून घेत. हाताला ग्रीस लागणं हे शिकलेल्याचं लक्षण नाही, अशी आपल्याकडची समजूत. एम. एस. करायला इकडे आल्यावर आमचे प्रोफेसर स्वतः लेथवर उभे राहिलेले पाहिले, तेव्हा ती समजूत हलली. अमेरिकेत मजुरी महाग आहे म्हणून लोक हाताने कामं करतात, असं आपण म्हणतो. ते खरं आहेच, पण तेवढंच खरं नाही. इथल्या माणसाला हत्यार आवडतं.

असो. तर हत्यारांची थैली. सगळी मिळून किलोच्या आत बसली.

पहिला मान षट्कोणी किल्ल्यांचा, म्हणजे ॲलन की. ४, ५ आणि ६ मिलिमीटरच्या तीन किल्ल्यांत आजच्या सायकलीचे बहुतेक सगळे बोल्ट येतात. आता गंमत बघा. बोल्ट मिलिमीटरमध्ये, पण चेन इंचांत! चेनच्या दोन पिनांमधलं अंतर जगभर अर्धा इंच. म्हणजे साधी स्टीलची फूटपट्टी हेच चेनचं सर्वांत चांगलं मापयंत्र. नव्या चेनच्या २४ कड्या बरोबर १२ इंच भरतात. पिना झिजल्या की चेन लांबते. १२ इंचांवर एक षोडशांश इंच वाढली की बदलायची वेळ झाली. एक अष्टमांशापर्यंत थांबलात तर दातेरी चक्रंही गेलीच म्हणून समजा. अर्धी इंग्रजी, अर्धी युरोपी, काही भाग जपानी, अशी ही मिश्र संतती. आपल्या मुलांसारखीच.

जपानी भागाची वेगळीच कथा. गिअर हलवणाऱ्या डिरेलरला दोन बारीक स्क्रू असतात, चेन कुठपर्यंत जाऊ द्यायची ती हद्द ठरवणारे. दिसायला अधिक चिन्हासारखी खाच, म्हणून आपण घरातला फिलिप्स स्क्रू ड्रायव्हर लावतो, आणि तो घसरून खाच खातो. कारण ती खाच बहुधा फिलिप्स नसतेच. अमेरिकेत हेन्री फिलिप्सने १९३६ साली पेटंट घेतलेली खाच वेगळी आणि जपानच्या मानकाची खाच वेगळी. कोनांत केसाएवढा फरक. आमची कन्या दागिन्यांची असावीत अशी ती चिमुकली जपानी हत्यारं हातात घेऊन म्हणाली, “बाबा, इतक्याशा फरकाने काय होतं?” मग एकाच स्क्रूला दोन्ही लावून दाखवली. एक हलत होतं, दुसरं बसलं ते बसलंच. ‘बसणं’ हा हत्यारांच्या बाबतीत फार महत्त्वाचा शब्द आहे. तो समजावून सांगता येत नाही, हाताला कळावा लागतो.

घट्ट किती करायचं, हेही तसंच. हँडल धरून ठेवणाऱ्या बारीक बोल्टांवर बहुधा ५ न्यूटन मीटर असं लिहिलेलं असतं. घरी आमच्याकडे टॉर्क रेंच आहे, पण तो वाटेवर कोण वाहणार? तेव्हा कन्येला हिशेब सांगितला. दहा सेंटीमीटर लांबीच्या किल्लीच्या टोकावर पाच किलो तांदळाच्या पिशवीचा भार, म्हणजे जवळजवळ ५ न्यूटन मीटर. ती खरंच पिशवी उचलून आली, हातात तोलून पाहिली, आणि मग बोल्ट पिळला. टॉर्क रेंचने तपासलं तर फार चुकली नव्हती.

पायडल काढायची १५ मिलिमीटरची चपटी किल्ली घरीच ठेवली, कारण वाटेत पायडल काढायची वेळ येत नाही. पण ज्यांना सायकली गाडीत घालून न्यायच्या असतात त्यांच्यासाठी सांगून ठेवतो, डाव्या पायडलचे आटे उलटे असतात. का? सैल मुठीत पेन्सिल धरा आणि तिचं मोकळं टोक गोल फिरवा. पेन्सिल स्वतःभोवती उलट दिशेला वळताना दिसेल. पायडलच्या बेअरिंगमध्ये हेच होतं. डावीकडे सुलटे आटे असते तर चालवता चालवता पायडल सुटून हातात, नव्हे पायात आलं असतं. लक्षात ठेवायला सोपं सूत्र : किल्ली उभी, वरच्या दिशेला धरायची. सायकलच्या पुढच्या चाकाकडे ढकलली की घट्ट, मागच्या चाकाकडे ओढली की सैल. दोन्ही बाजूंना तेच.

आणि शेवटी थैलीतलं सर्वांत छोटं हत्यार, स्पोकची किल्ली. अंगठ्याएवढी. स्पोक रिमला जिथे मिळतो तिथे पितळेचं निपल असतं, ते फिरवायची ही किल्ली. मापं साधारण तीन : ३.२३, ३.३० आणि ३.४५ मिलिमीटर. फरक कागदाच्या घडीएवढा, पण चुकीच्या मापाची किल्ली लावली की निपलचे कोपरे गोल झालेच. निळ्या मुठीच्या हत्यारांसाठी प्रसिद्ध असलेली पार्क टूल ही १९६३ पासूनची मिनेसोटाची कंपनी या किल्ल्यांना रंग देते : काळा, हिरवा, लाल. आम्ही व्हर्निअर कॅलिपरने तिन्ही सायकलींची निपलं मोजली. तिन्हींना काळी. बरं झालं, एकाच किल्लीत काम.

पहिला दिवस शहरातून बाहेर पडण्यात गेला. होमस्टेडला वाट जुन्या पोलाद कारखान्याच्या जागेवरून जाते. १८९२ साली इथे संपावरचे कामगार आणि कंपनीने आणलेले पिंकर्टनचे बंदूकधारी यांची लढाई झाली, ते पंपहाऊस अजून आहे. कारखाना १९८६ मध्ये बंद पडला. आता तिथे दुकानं आणि सिनेमा थिएटर, आणि एका ओळीत उभी असलेली विटांची बारा धुरांडी. ज्यांनी आयुष्यभर पोलादाच्या तक्त्यांतून तन्यतेचे आकडे वाचले, त्यांना त्या धुरांड्यांखाली दोन मिनिटं थांबावंसं वाटतंच. मुक्काम वेस्ट न्यूटनला. दुसऱ्या दिवशी योकागेनी नदी (लिहितात भलतंच, म्हणतात असं) सतत डाव्या-उजव्या हाताला, आणि मुक्काम ओहायोपाइलला, धबधब्याच्या आवाजात. फ्रँक लॉइड राइटचं फॉलिंगवॉटर हे घर तिथून जवळ आहे, पण चार मैलांचा डोंगरी रस्ता सौ.च्या गुडघ्याला नको म्हणून सोडलं.

तिसऱ्या दिवशी दुपारी, कॉन्फ्लुएन्स मागे टाकून बरंच पुढे आल्यावर, कॅसलमन नदीच्या घळीत टण्ण असा आवाज झाला. बंदुकीसारखा म्हणणार नाही, पण सतारीची तार तुटावी तसा. सौ.ची सायकल मागून डुलायला लागली. मागच्या चाकाचा, चेनच्या बाजूचा एक स्पोक हबजवळच्या वाकणात तुटला होता. ३२ पैकी एक. एवढ्याने काय बिघडतं, असं वाटेल. पण चाक म्हणजे दोन्ही बाजूंनी ओढून धरलेला तंबू. उजवा दोर तुटला की तंबू डावीकडे झुकतो. रिम डावीकडे जाऊन दर फेऱ्याला ब्रेकच्या रबराला घासत होती. पश्चिमेला ढग काळे होत होते. रॉकवुड गाव सहा-सात मैल. फोनवर रेंज नाही. दोन्ही बाजूला झाडी, खाली नदी. सौ. काही बोलली नाही. फक्त पुढच्या वाटेकडे आणि मग स्वतःच्या गुडघ्याकडे बघितलं. तेवढं पुरे होतं.

सामानाच्या थैल्या उतरवल्या. सायकल उलटी करून हँडल-सीटवर उभी केली, थेट पुण्याच्या पद्धतीने. ब्रेकची केबल मोकळी केली. किल्ली कन्येने आधीच हातात घेतली होती. आम्ही मागितली नाही. इथे आमच्यातल्या इंजिनिअरचं काम एवढंच, की चाक हळूहळू फिरवायचं आणि गप्प राहायचं. यातलं दुसरं जास्त अवघड.

तिने तुटलेला स्पोक निपलमधून उलगडून काढला. चेनजवळच्या नळीला एक प्लॅस्टिकची पट्टी बांधली, तिचं टोक रिमपाशी येईल असं कापलं. हाच आपला खडू. आता रिम कुठे किती जाते ते त्या टोकावरून दिसायला लागलं, डावीकडे सहा-सात मिलिमीटर. तुटलेल्या जागेच्या दोन्ही शेजारचे स्पोक डाव्या बाजूचे असतात, तेच रिमला तिकडे ओढत होते. ते सैल करायचे. दिशेचा गोंधळ इथेच होतो, कारण सायकल उलटी, निपल उलटं, आणि आपण कुठून बघतो त्यावर घड्याळाचे काटे बदलतात. कन्या पुटपुटत होती, “टायरच्या बाहेरून स्क्रू ड्रायव्हर लावलाय, टायरच्या बाहेरून.” पाव फेरा इकडे, पाव फेरा तिकडे. निपलच्या आट्यांचा एक फेरा म्हणजे साधारण ०.४५ मिलिमीटर, पाव फेरा म्हणजे एक दशांश मिलिमीटरपेक्षा थोडंसं जास्त. घाई करणाऱ्याला इथे काही मिळत नाही. पहिले थेंब पडायला लागले होते, आणि ती पाव-पाव फेराच करत होती.

डाव्या दोन तारा फेराभर सैल झाल्यावर पुढच्या उजव्या तारा थोड्या घट्ट करायच्या होत्या. पण किती? ताण मोजायचं यंत्र दुकानात असतं, जंगलात नसतं. तेव्हा सौ. पुढे झाली. ही मंडळाच्या गणपतीत दरवर्षी गाते, तंबोरा घरी स्वतः लावते. ती खाली बसली (गुडघा एका बाजूला पसरून) आणि उजव्या बाजूच्या तारा एकेक करून नखाने छेडायला लागली. सारख्या लांबीच्या, सारख्या जाडीच्या तारा, ताण जास्त तितका स्वर वर. “ही उतरलीय. हिला अजून जरा. बस, बस! आता ही चढली.” तंबोऱ्याचा मणी जेवढा सरकवावा तेवढीच कन्या किल्ली फिरवत होती. डाव्या बाजूच्या तारांचा स्वर मुळातच खालचा असतो, कारण मागच्या चाकाची बशी दोन्हीकडे सारखी नसते. तेव्हा उजव्या तारा उजव्यांशीच जुळवायच्या. एवढी एक सूचना आम्ही केली. बाकी वेळ चाक फिरवत होतो.

पंचवीस मिनिटं लागली. रिम अजून दोन मिलिमीटर डुलत होती, पण कशालाच घासत नव्हती. सौ.च्या थैल्या आम्ही दोघांनी वाटून घेतल्या, तिच्या मागच्या ब्रेकला सुट्टी दिली. रॉकवुडपर्यंत पावसात भिजत गेलो. भिजल्यावर या वाटेवरची चुनखडीची बारीक खडी चेनला पिठल्यासारखी चिकटते आणि दर फेऱ्याला करकर वाजते. त्या करकरीतही सौ. मागून विचारत होती, “कुठली तार होती गं, सातवी का आठवी?” पाऊस थांबल्यावर पुढे मायर्सडेलला मुक्काम.

चौथ्या दिवशी सकाळी आठ मैल चढून पूर्व जलविभाजकावर पोचलो, उंची २,३९२ फूट. तिथल्या भिंतीवर सगळ्या वाटेच्या चढउताराचा आलेख रंगवलेला आहे. इथून एका बाजूचं पाणी ओहायो आणि मिसिसिपीमार्गे मेक्सिकोच्या आखातात जातं, दुसऱ्या बाजूचं पोटोमॅकमधून चेसापीकच्या उपसागरात. मग बिग सॅव्हेज बोगदा, ३,२९४ फूट, जूनमध्येही आत हुडहुडी भरते. बाहेर पडलं की एकदम समोर मेरीलँडचे डोंगर एकामागे एक. पुढे मेसन-डिक्सन रेषा, १७६३ ते १७६७ मध्ये साखळ्या आणि दुर्बिणी घेऊन दोन इंग्रजांनी आखलेली. आणि मग कंबरलंडपर्यंत वीसेक मैल उतार, पायडलला पाय न लावता. सौ. पुढे, नुसत्या पुढच्या ब्रेकवर, जपून. एवढ्या उतारावर आम्ही निसर्ग पाहिला नाही. आम्ही त्या मागच्या चाकाकडे बघत होतो.

कंबरलंडला दुकानातल्या मेकॅनिकने नवा स्पोक घातला, ताणमापकाने चाक तपासलं. त्याच बाजूच्या आणखी दोन तारा थकल्या आहेत, हिवाळ्याआधी सगळ्या बदलून घ्या, असं त्याने सांगितलं. कन्येने त्याला विचारून शेवटचे चार स्पोक स्वतः लावले. काळी किल्ली तिने परत थैलीत ठेवली नाही. ती तिच्या घराच्या चाव्यांच्या जुडग्यात गेली, आणि पुढच्या वर्षी ऑगस्टमध्ये त्याच जुडग्यासकट कॉलेजला. सौ.च्या चाकाच्या तारा आम्ही दोघांनी ऑक्टोबरात बदलल्या. स्वर तिने लावले.

कुणाला जायचं असेल तर : बिग सॅव्हेज बोगदा हिवाळ्यात, साधारण डिसेंबर ते एप्रिल, बंद असतो, तेव्हा मे ते ऑक्टोबरमध्येच आखा. कंबरलंडहून पिट्सबर्गला सायकलींसकट परत आणणाऱ्या व्हॅन मिळतात, आधी सांगून ठेवा. वाटेवरच्या काही थांब्यांवर लोखंडी खांबाला साखळीने बांधलेली हत्यारं आणि पंप असतात, पण नेमके गावांजवळ. ज्यांना अजून पुढे जायचंय त्यांच्यासाठी कंबरलंडपासून जुन्या सी अँड ओ कालव्याच्या काठाने वॉशिंग्टनपर्यंत आणखी १८४.५ मैल आहेत. तिथे चिखल जास्त. आणि निघण्यापूर्वी आपल्या निपलचं माप मात्र घेऊन ठेवा, किल्ली त्याच मापाची.